शेगडी आणि धुराडं

तूरहून दोघे एकाच गाडीनं आले,
वेगवेगळ्या डब्यांतून.
मी स्टेशनवर एकच कंदील नेला होता.
आता तो कोणापुढे धरावा, कळेना.

मार्सियाल माझा भाऊ. एव्हारिस्त नवरा.
नाताळच्या आदल्या दिवशी गेले तेव्हा
दोघांत मिळून एक पुरचुंडी होती,
उकडलेल्या चेस्टनटची.
घोडे फिरवायच्या रिंगणात भरली होती म्हणे सभा.
पाच-सहा दिवस हात वर, हात खाली.

भाऊ म्हणाला, ज्यांनी लढाईच्या खर्चाला होकार भरला
त्यांच्या मांडीला मांडी लावून आता बसू?
खंदकात माझी बोटं राहिली, दोन.
नवरा म्हणाला, मॉस्कोच्या एकवीस अटी!
कालच तर वर्दी उतरवली मी,
पुन्हा कोणाचा शिपाई होऊ?
मला दोघांचंही पटायचं,
म्हणून मी सूप वाढत राहिले.

मी हातमोजे शिवते. सँ-ज्युनियँमध्ये सगळ्याच शिवतात.
डावा आणि उजवा एकाच कोकराच्या कातड्यातून काढावा लागतो,
नाहीतर रंग जुळत नाही.
हे मी त्यांना सांगितलं नाही.
मला मत नव्हतं, तेव्हा बायकांना नव्हतंच.

जानेवारीत वाटणी झाली,
विधवा फोशेच्या कॅफेमागच्या खोलीत.
एकतीस विरुद्ध एकोणीस.
शिक्का भावाच्या लोकांकडे गेला,
संपातली सुपाची कढई आमच्याकडे.
त्रेचाळीस फ्रँक साठ सांतीम टेबलावर मोजले,
पुन्हा मोजले,
एक नाणं खाली पडलं तर कोणी वाकेना.

शेगडीवर गाडं अडलं.
शेवटी ठरलं, शेगडी त्यांची, धुराडं आमचं.
ओतीव लोखंड, चौघांशिवाय हलत नाही,
आणि तिकडचे तीनच जण आले होते.
चौथा एव्हारिस्त लागला. एक अक्षर न बोलता
उंबऱ्यापर्यंत धरली, ठेवली, हात झटकले.
त्या हिवाळ्यात त्यांची खोली धुरानं भरायची
आणि आमच्या खोलीत नुसतं धुराडं,
भिंतीला टेकून.

झेंड्याचं काय, कोणीतरी विचारलं.
तो मीच शिवलेला. माझ्याकडे कात्री मागितली.
मी म्हटलं, कात्री धार लावायला दिली आहे.
माझं आयुष्यातलं राजकारण तेवढंच.

चौतीसच्या फेब्रुवारीत पुलावर
दोन मिरवणुका समोरासमोर आल्या.
खाली व्हिएन नदी, तपकिरी, टॅनरीच्या पाण्याची.
मी पोरांना मागे ओढलं, वाटलं, आता दगड.
मग कोणीतरी पुढे झालं, आणखी कोणीतरी,
आणि माझा भाऊ तीन बोटांचा हात
माझ्या नवऱ्यापुढे धरून उभा.
दोघांच्याही हातात हातमोजे नव्हते.
शिवणाऱ्यांच्या गावात कोणाच्याच नसतात.

किती टिकलं? पाच वर्षं.
पुढचं मी सांगत नाही, पुढे फार माणसं मेली.
पंचेचाळीसमध्ये पहिल्यांदा मत दिलं.
कोणाला, ते घरी विचारलं गेलं.
मी बटाटे सोलत होते.

काल भाचा आला होता, फिर्मँ,
मार्सियालचा धाकटा. नगरपालिकेत असतो.
टीव्हीवर बातम्या, रात्री उशिराची बैठक,
पुन्हा फिसकटली म्हणे बोलणी.
तो चिडून उठला, आवाज बंद केला.
माणसं तोंड हलवत राहिली.
आत्या, तूच सांग, चूक कोणाची?

मी एकोणऐंशीची. सुईत दोरा जात नाही आता.
त्याला म्हटलं, हा ओवून दे आधी.
आणि ती शेगडी
अजून तुमच्या कोठारात आहे ना रे?
धुराडं आहे माझ्याकडे, गंजलंय,
कोंबड्या बसतात त्यावर,
पण आरपार दिसतं अजून.